डॉन फाबियानची चौकशी

१

डॉन फाबियान अग्तारप यांची सकाळ कशी जाणार, हे सगळ्या गावाला पाठ होतं. चर्चमधली पहाटेची मिसा, घरी येऊन दाट चॉकलेट आणि नारळाच्या दुधात शिजवलेली चिकट भाताची वडी, मग कोपऱ्यावरच्या आंबोची घोडागाडी आणि कुठलं तरी खेडं. खेड्यात जाऊन करायचं काय, तर म्हाताऱ्या माणसांसमोर बसायचं आणि विचारत राहायचं. चाच्यांच्या होड्या कुठल्या किनाऱ्याला लागायच्या? भूकंपात चर्च पडलं तेव्हा घंटा कुणी वाचवली? दुष्काळात लोकांनी कुठली मुळं उकडून खाल्ली?

तरुणपणी ते मनिलाला शिकून आले होते, कचेरीत चांगली जागा मिळाली होती. ती सोडून त्यांनी आपल्या इलोकोस प्रांताचा इतिहास लिहायला घेतला, आणि त्यात केस पांढरे झाले. पहिला खंड छापून आला तेव्हा गावच्या स्पॅनिश पाद्रीनं तो चाळून परत केला आणि म्हटलं, "निरुपद्रवी आहे." बाकीच्या प्रती तळघरात पडून होत्या. त्यांना वाळवीशिवाय दुसरं गिऱ्हाईक लाभलं नाही. बायको रोसेन्दा पटकीच्या साथीत गेली. मूलबाळ नव्हतं. राहिली ती एवढीच माणसं: घर सांभाळणारी बासिलिया, चर्चमध्ये ऑर्गन वाजवणारा बालमित्र क्रिस्पुलो आणि त्यांना आदरानं ‘अपो’ म्हणणारे गावोगावचे म्हातारे.

त्या दिवशी ते डोंगरपायथ्याच्या खेड्यात इस्का आजीकडे गेले. आजी मागावर बसली होती. तिनं मान वर केली आणि हसली.

"आलात पुन्हा? आता माझ्याकडे काही उरलं नाही हं, अपो. परवाच सगळं सांगून टाकलं."

"परवा? परवा मी तापानं पडून होतो, आजी."

"तुम्हाला नाही हो. त्या गृहस्थांना."

"कोण गृहस्थ?"

"तुमच्यासारखेच विचारत फिरतात. पण ऐकतात काय, बाई! मधे एक शब्द नाही. तुम्ही तर माणसाला धड एक गोष्ट पुरी करू देत नाही."

डॉन फाबियान मागाजवळ सरकले. म्हणजे दुसरा कोणी तरी हेच काम करतोय. आयुष्य घातलं आपण, आणि मलई खाणार कोणी उपरा.

"काय विचारलं त्यानं? चाच्यांचं? घंटेचं?"

"छे. तुमच्याबद्दल विचारत होते."

"माझ्याबद्दल?"

"हो. डॉन फाबियान कसे होते, बोलायचे कसे, चिडायचे कशावरून."

"होते?"

"तसंच म्हणाले. मला वाटलं, शहरातलं बोलणं असेल."

"मग तुम्ही काय सांगितलंत?"

आजीनं तोंड उघडलं.  मागाचा धोटा हातात धरून ती सुतांकडे बघत बसली.

"अगं बाई," ती म्हणाली, "पुष्कळ सांगितलं मी. आत्ता तर अगदी ओठांवर होतं."

२

"अरे, मग आनंद मान की!" क्रिस्पुलो म्हणाला. तो डॉन फाबियानच्या गच्चीत पाय पसरून बसला होता आणि हातात उसाच्या दारूचा पेला होता. "लोकांचे आजे-पणजे उकरत फिरलास जन्मभर. आता कुणी तरी तुला उकरायला निघालाय."

"जिवंत माणसाला उकरत नाहीत."

"तुला जिवंत कोण म्हणतो? बासिलियाला विचार. ती म्हणते, जेवायला हाक मारली की घरातून उत्तरच येत नाही."

डॉन फाबियान हसले नाहीत. क्रिस्पुलोनं पेला खाली ठेवला आणि आवाज उतरवला.

"हेर असेल. मनिलाहून हल्ली पाठवतात. जो माणूस वाचतो, लिहितो, खेड्यापाड्यांत फिरतो, त्याच्यावर नजर असतेच. आपला पाद्री काय कमी आहे?"

हे मात्र पटण्यासारखं होतं. डॉन फाबियानना बरंसुद्धा वाटलं. हेर म्हणजे माणूस. त्याला वरिष्ठ असतात, पगार असतो, भूक लागते. त्यांनी मनातल्या मनात आपली लिहिलेली पानं तपासली. सरकारविरुद्ध एक ओळ नव्हती. पण हेर काय विचारेल? कुणाकडे जातो, कुणाची पत्रं येतात, हे विचारेल. चिडायचे कशावरून, हे त्याला कशाला हवं?

"आणि ‘होते’ का म्हणाला?"

"म्हातारीचे कान," क्रिस्पुलो म्हणाला. "घे, पी."

३

समुद्रकाठी मीठ शिजवणाऱ्यांची वस्ती होती. तिथल्या इग्मेच्या मुलीला, पेत्राला, बाप्तिस्म्याच्या वेळी डॉन फाबियाननी धर्मपिता म्हणून हातात धरलं होतं. तेव्हापासून ते आणि इग्मे एकमेकांना ‘कुम्पारे’ म्हणायचे. इग्मे भेटला की आधी मिठी, मग शिव्या, मग मासळी, असा क्रम ठरलेला.

आंबोची गाडी थांबली तेव्हा इग्मे चुलाणापाशी उभा होता. त्यानं डोक्यावरची टोपी काढली.

"या अपो, सावलीत या. ऊन फार आहे. कुणीकडून आलात?"

"पुरे रे थट्टा. पेत्रा कुठाय?"

इग्मेच्या तोंडावरचं हसू तसंच राहिलं, पण डोळे बदलले. अनोळखी माणूस आपल्या मुलीचं नाव घेतो तेव्हा बापाचे होतात तसे.

"पेत्राला कसं ओळखता आपण?"

"तिचं नाव मी ठेवलंय, लेका! माझ्या आईचं नाव आहे ते."

"नाव तिच्या धर्मपित्यानं ठेवलं," इग्मे सावकाश म्हणाला.

"आणि तो कोण?"

इग्मेनं मिठाचे हात चोळले. चुलाणावरचं पाणी रटरटत होतं. "होता कोणी भला माणूस," तो म्हणाला. "काल एक गृहस्थ आले होते, ते त्याचीच चौकशी करत होते. जे जे माहीत होतं ते सगळं सांगितलं आम्ही. आपणही त्याच कामाला आलात का?"

पेत्रा झोपडीच्या दारात येऊन उभी होती. तिनं डॉन फाबियानकडे पाहिलं आणि तिच्या डोळ्यांतून घळघळ पाणी वाहायला लागलं. "डोळ्यांत धूर गेला," ती म्हणाली आणि रुमालानं डोळे पुसू लागली. धूर दुसऱ्या बाजूला, समुद्राकडे जात होता.

इग्मेनं आग्रह करून सुकी मासळी बांधून दिली, परक्या पाहुण्याला देतात तशी, दोन्ही हातांनी.

परत येताना डॉन फाबियान मासळीचं पुडकं मांडीवर धरून बसले. मग पुढे वाकून त्यांनी विचारलं, "आंबो, मी कोण आहे?"

"काय अपो, ऊन लागलं का?" आंबो हसला. "तो इग्मे प्यायलेला असेल. काल त्या गृहस्थांना सोडलं तेव्हा तर शुद्धीत होता."

"तू सोडलंस? तुझ्या गाडीतून?"

"हो. दुसऱ्या कुणाची गाडी आहे गावात? पण घोड्याला त्यांचं ओझं होत नाही हो. मागे बसलेत की उतरलेत, कळायचं नाही."

"दिसतो कसा?"

"मी रस्त्याकडे बघणार की मागे? बोलणं मात्र गोड. सबंध वाट मला बोलतं केलं. इतक्या वर्षांत कुणी मला एवढं विचारलं नाही."

"काय विचारलं?"

आंबोनं घोड्याला चुचकारलं. नुसत्या टापा वाजत राहिल्या. गाव जवळ आलं, चर्चचा मनोरा दिसायला लागला. चौकात आंबोनं लगाम खेचला, मागे वळला आणि अगदी अदबीनं म्हणाला,

"डावीकडे घेऊ का उजवीकडे, अपो? आपलं घर कुठलं?"

४

डॉन फाबियाननी घरी आल्याबरोबर बासिलियाला समोर बसवलं.

"कोणी आलं, माझ्याबद्दल विचारायला लागलं, तर एक अक्षर बोलायचं नाही. दारसुद्धा उघडायचं नाही."

"तुम्हीच बरे सांगताय," बासिलिया म्हणाली. "तुम्ही लोकांच्या तोंडून काढून नेता ते चालतं. माझी आई मयतावर म्हणायची ते रडगाणं तुम्हाला सांगितलं, तेव्हापासून मला ते म्हणता येत नाही. भावाच्या मयताला नुसती मुकी उभी राहिले मी."

"बासिलिया, माझं ऐक."

तिनं त्यांच्याकडे नीट पाहिलं आणि तिचा चेहरा निवळला. "नाही बोलणार, अपो. जेवा तुम्ही."

जेवण झाल्यावर ते आडवे झाले. त्या वेळी सगळं गाव झोपतं. शिंपल्यांच्या तावदानांतून दुधासारखा उजेड येत होता, आणि त्यात लाकडी जमीन पाण्यासारखी चमकत होती. खाली रस्त्यावर कुत्रं नाही, गाडी नाही. डॉन फाबियाननी डोळे मिटून विचार केला. इग्मेच्या वस्तीत मागच्या वर्षी ताप आला होता. तापानं माणसाची आठवण जाते, हे त्यांनी स्वतःच लिहून ठेवलं होतं. आंबो तर पितोच. इस्का आजीचं वय झालेलं. एकेकाला वेगळं धरलं तर काहीच विचित्र नव्हतं.

खाली फरशीवर कोणी तरी बुटांची धूळ झटकली. हळूच, यजमानांची झोप मोडू नये म्हणून झटकतात तशी.

ते कान देऊन पडून राहिले. जिना वाजला नाही, दार वाजलं नाही. मग स्वयंपाकघरातून बासिलियाचा आवाज आला.

"नाही, तिखट अजिबात चालायचं नाही."

थोडा वेळ काही नाही.

"रागीट कसले! आवाज चढायचा, पण मग स्वतःच माझ्या दाराशी येऊन खोकायचे. ती त्यांची माफी."

पुन्हा शांतता. ज्या ठिकाणी दुसऱ्या माणसाचा प्रश्न असायला हवा, तेवढीच.  प्रश्न ऐकू येत नव्हता. कुजबुजसुद्धा नव्हती. आणि बासिलिया मात्र ऐकून घेऊन, विचार करून बोलत होती.

"बाईसाहेब गेल्यावर? रडले नाहीत. माझ्यासमोर तरी नाही. पण रोज जेवताना एक खुर्ची थोडी मागे ओढून ठेवायचे. मी आत सारली की पुन्हा ओढायचे."

पलंगावरून उठायला त्यांना फार वेळ लागला.  अनवाणी ते जेवणघरातून गेले. जमीन करकरली आणि बासिलियाचा आवाज थांबला.

ती एकटीच होती. तिच्या समोर दुसरं बाकडं ओढलेलं होतं. त्यापुढे कॉफीचा पेला ठेवला होता, आणि न पिता तशाच राहिलेल्या कॉफीवर साय धरली होती. बासिलियाच्या चेहऱ्यावर मन मोकळं केल्यावर येतो तसा निवांतपणा होता. त्यांना पाहून ती दचकून उठली आणि तिनं खांद्यावरचा रुमाल सारखा केला. एवढ्या वर्षांत तिनं त्यांच्यासमोर तो कधी सारखा केला नव्हता.

"अगं बाई! आपण आतपर्यंत कसे आलात? पुढच्या दारानं यायचं की. कोण पाहिजे?"

"बासिलिया, मी."

"मी म्हणजे कोण?" तिनं विचारलं.

५

क्रिस्पुलो चर्चच्या माळ्यावर ऑर्गनपाशी बसला होता. पावलं ऐकून तो वळला आणि म्हणाला, "फाबियान," आणि ते एक नाव ऐकून डॉन फाबियान लगबगीनं त्याच्यापाशी गेले.

"तू ओळखतोस मला."

"अजून," क्रिस्पुलो म्हणाला.

"तो इथं आला होता."

"आज पहाटे, सबंध मिसाभर. माझ्या मागे, त्या बाकावर. मी वळून पाहिलं नाही. तुझी शपथ, पाहिलं नाही. हेर असेल म्हणून ओठ घट्ट मिटून वाजवत राहिलो." क्रिस्पुलोच्या कपाळावर घाम होता. "पण फाबियान, तो वाईट नाही रे. म्हणजे, तसा वाटत नाही. माझं वाजवणं इतकं मन लावून कोणी कधी ऐकलं असेल? खाली माणसं जांभया देतात. हा ऐकत होता. पाठीला जाणवत होतं. शेवटी मलाच राहवलं नाही."

"काय सांगितलंस?"

"एकच गोष्ट. एकच."

"कुठली?"

"आता मला ती कशी ठाऊक असणार?" क्रिस्पुलो ओरडला. उंच छतात तो आवाज घुमला आणि बराच वेळ विरला नाही. मग तो पुटपुटला, "आपण दोघं कुठं भेटलो रे पहिल्यांदा?"

"नदीवर. तू बुडत होतास. मी तुझे केस धरून ओढलं."

क्रिस्पुलोनं मान हलवली. कौतुकानं, ऐकीव गोष्टीला हलवतात तशी. "असं होय. मग मी तुझं फार देणं लागतो."

डॉन फाबियान त्याच्या शेजारी बसले. जुनी मैत्री अशी विझताना बघणं त्यांना सोसवेना. "माझ्याबरोबर चल," ते म्हणाले. "दोघं मिळून त्याला गाठू. विचारू, कुणी पाठवलं."

"तो माझ्याकडे पुन्हा येणार आहे," क्रिस्पुलो म्हणाला. त्याला भीती वाटत होती, पण नुसती भीतीच नव्हती. त्यानं केस नीट केले होते, सदरा धुतलेला होता. मित्राची नजर तिकडे गेलेली पाहून तो ओशाळला. "तू घरी जा, फाबियान. माझ्यावर भरवसा ठेवू नकोस."

६

दुसऱ्या दिवशी दुपारी, तो गृहस्थ आला होता त्याच वेळेच्या सुमाराला, डॉन फाबियाननी स्वतःच्या घराचं दार ठोठावलं. बासिलियाला सांगितलं, मालकांचा लांबचा नातेवाईक आहे, त्यांना भेटायचंय. तिनं आदरानं दिवाणखान्यात बसवलं, पाणी दिलं आणि ती आत झोपायला गेली. वेताच्या त्यांच्या खुर्चीत न बसता ते पाहुण्यांच्या खुर्चीत बसले. समोर आपली खुर्ची रिकामी ठेवली.

त्यांनी सगळं ठरवलं होतं. आधी आपण विचारायचं. नाव काय, गाव कुठलं, कुणाचा माणूस. जन्मभर हेच केलंय. समोरच्याला उत्तर द्यायला लावायचं.

जिन्यावर पावलं वाजली. अगदी साधी पावलं, थोडी थकलेली. वरच्या पायरीशी थांबली आणि मग आत आली. डॉन फाबियान त्या क्षणी जमिनीकडे बघत होते, आणि मान वर करायची म्हटलं तर मान ऐकेना. समोरच्या खुर्चीचा वेत करकरला आणि खाली दबला.

त्यांनी हळूहळू नजर वर नेली, पण मांडीपर्यंतच. तिथं दोन हात होते, एकमेकांवर ठेवलेले, स्वच्छ. कागद नव्हता, टाक नव्हता, बोटांना शाईचा एक डाग नव्हता. लिहून घ्यायची गरजच नसलेले हात. त्याच्या वर खिडकीचा पांढरा उजेड होता, आणि त्या उजेडात चेहऱ्याच्या जागी काय होतं ते दिसत नव्हतं.

"तुम्हाला कुणी पाठवलं?" हा प्रश्न डॉन फाबियानच्या घशापर्यंत आला.

"रोसेन्दा कशी होती?" समोरून आवाज आला. मऊ आवाज. खरंच जाणून घ्यायचं असलेल्या माणसाचा.

डॉन फाबियान गप्प राहिले. दात दातांवर दाबून, खुर्चीचे हात धरून गप्प राहिले. समोरचा थांबला होता. त्याला घाई नव्हती. खोलीत काही हलत नव्हतं. तिच्या मरणाला किती काळ झाला, आणि या एवढ्या काळात एका माणसानं हे विचारलं नव्हतं. पाद्रीनं ईश्वरेच्छा म्हटलं. क्रिस्पुलोनं विषय टाळला, मित्राला त्रास नको म्हणून. बासिलियानं खुर्ची आत सारली. त्यांनी स्वतः सबंध प्रांताचा इतिहास लिहिला आणि त्यात तिची एक ओळ नव्हती.

"ठेंगणी होती," ते म्हणाले.

आवाज आपलाच आहे हे त्यांना पटेना. समोरचे हात जरासे पुढे सरकले.

"ठेंगणी होती आणि ते तिला कबूल नव्हतं. फोटो काढायचा तर चौरंगावर उभी राहायची. मासळी घासाघीस करून घ्यायची आणि मग कोळणीला जास्तच पैसे देऊन यायची. माझं लिहिलेलं वाचून म्हणायची, सगळ्या राजांची नावं आहेत हो, पण कुणाला भूक लागलेली दिसत नाही."

त्यांना थांबायचं होतं. एकेक गोष्ट तोंडातून सुटली की आत तिच्या जागी गार झुळूक लागत होती. मघाचा चौरंग कशासाठी होता, हे त्यांना आठवेना. पण पुढची गोष्ट जिभेवर आलेली असायची, आणि समोरचा ऐकत होता. असं ऐकत होता, की बोलणाऱ्याला आपण एकटे नाही असं वाटावं.

"आणि हसायची?" समोरच्यानं विचारलं.

"नाही," डॉन फाबियान म्हणाले. "हे नाही. एवढं राहू द्या माझ्याकडे."

समोरचा काही बोलला नाही. आग्रह केला नाही. नुसती खुर्ची थोडी करकरली, उठायला निघालेल्या माणसाची करकरते तशी.

"थांबा," ते घाईघाईनं म्हणाले. "जाऊ नका. हसायची ना. हसायच्या आधी श्वास आत ओढायची. वाटायचं, आता रडते की काय. आणि मग बारीक, उकळी फुटल्यासारखं. थांबवायला गेली की आणखीच. मिसाच्या वेळी एकदा..."

ते बोलत राहिले. उजेड तावदानांवरून सरकत भिंतीवर गेला. बोलायचं काही उरलं नाही तेव्हाच ते थांबले, आणि थांबल्यावर आपण कशाबद्दल बोलत होतो ते त्यांना कळेना. छातीत फार हलकं वाटत होतं. समोर कोणी गृहस्थ उठून उभा राहिला होता. जाताना त्यानं खांद्यावर हात ठेवला, आभार मानल्यासारखा, आणि तो जिन्याकडे वळला.

"पुन्हा याल ना?" खुर्चीतल्या म्हाताऱ्यानं विचारलं आणि तो लगबगीनं त्याच्या मागे जिन्यापर्यंत गेला.

गृहस्थ उतरत होता. अर्ध्या जिन्यात तो थांबला, त्याला काही तरी आठवलं असावं. त्यानं श्वास आत ओढला, रडायच्या आधी ओढतात तसा. आणि मग तो हसला. बारीक, उकळी फुटल्यासारखं.

म्हाताऱ्याच्या अंगावर सर्रकन काटा आला. हे हसणं त्यानं ऐकलं होतं. रोज ऐकलं होतं, अगदी कानाशी. फार जवळच्या कुणाचं तरी होतं ते. त्यानं डोळे मिटले, कठडा घट्ट धरला आणि आठवायला लागला. खाली दार उघडलं, लोटलं गेलं. तो तिथंच उभा राहून आठवत राहिला.